म्हालसेची ओटी आणि 'दोनच लिंगे'वाला फॉरवर्ड

चतुर्थी पंधरा दिवसांवर आली होती. माटोळीचे (गणपतीवर टांगायच्या फळाफुलांच्या चौकटीचे) सामान कोण आणणार आणि मूर्ती कुणाच्या गाडीतून येणार, यावर आमच्या घरच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर खल चालला होता. त्यात मध्येच दादाने, म्हणजे माझ्या मावसभावाने, एक फॉरवर्ड टाकला. एव्हाना तो बहुतेकांच्या फोनवर दोन-तीनदा तरी येऊन गेला असेल. शीर्षक ठळक अक्षरांत: 'सनातन धर्मात दोनच लिंगे'. खाली सहा दावे आणि प्रत्येकापुढे बरोबरची हिरवी खूण.

दावे थोडक्यात असे. एक, देव स्त्री-पुरुष दोन्ही असू शकतो किंवा रूप बदलू शकतो, ही कल्पना परदेशी विद्यापीठांनी गेल्या तीस वर्षांत आपल्या माथी मारली. दोन, अर्धनारीश्वर हे सुखी संसाराचे चित्र, त्यापलीकडे काही नाही. तीन, मोहिनी हे विष्णूचे सोंग. काम झाले, सोंग उतरले. चार, आपल्या पुराणांत कुणाचे लिंग खरोखर बदलल्याची एकही कथा नाही. पाच, जगात असले देव लयाला चाललेल्या समाजांनीच पुजले. आणि सहा, गोव्यात तर हे थेर हिप्पींनी आणले.

दादाने खाली 'विचार करण्यासारखे' एवढेच लिहिले होते. मी विचार केला, आणि माटोळीचा विषय बाजूला पडला.

सहावा दावा आधी घेते, कारण तो घरचा आहे. हिप्पी हणजूण-कळंगुटच्या किनाऱ्यावर आले ते १९६०च्या दशकाच्या अखेरीस, गोवा १९६१ मध्ये मुक्त झाल्यानंतर. आमची म्हालसा देवी त्याच्या कितीतरी आधीपासून इथे आहे. तिचे मूळ ठाणे साष्टीतल्या वेर्ण्याचे. पोर्तुगिजांनी १५६७ मध्ये साष्टीतली देवळे पाडायचा सपाटा लावला. देवळे पडली, पण देव हलवता येतात. त्या शतकात भाविकांनी म्हालसेला झुआरीपलीकडे अंत्रूज महालात, म्हणजे आजच्या फोंड्याकडे, नेले. तिथे तेव्हा पोर्तुगिजांचा नव्हे, आदिलशाहीचा अंमल होता. म्हार्दोळला देऊळ उभे राहिले आणि ती तिथे राहिली. पोर्तुगीज फोंड्यापर्यंत पोचले ते १७६३ मध्ये, आणि तोवर देवी तिथली होऊन गेली होती. हा सगळा इतिहास दादाला पाठ आहे. पाहुणे आले की म्हार्दोळची ती उंच पितळी समई दाखवत तोच सांगतो.

आता या देवीचे पूर्ण नाव घ्या: महालसा नारायणी. नारायणी म्हटल्यावर बाहेरच्याला वाटते, नारायणाची पत्नी असेल. आमच्याकडे तसे मानत नाहीत. ही मोहिनी आहे, स्त्रीरूपातला स्वतः नारायण. मूर्तीला चार हात: त्रिशूळ, तलवार, तोडलेले मुंडके आणि पानपात्र. पायाखाली दैत्य. कॅलेंडरवरची, कलश घेऊन लचकत चाललेली मोहिनी ही नव्हे. हिचे एक नाव राहुमथनी. अमृत चोरून पिणाऱ्या राहूला जिने उडवला, ती ही.

आणि हिची ओटी भरतात. साडी, खण, नारळ, तांदूळ, हळद-कुंकू. माझ्या आजीने भरली, आईने भरली, लग्न झाल्यावर मी पहिली ओटी भरली ती हिचीच. ओटी पुरुषदेवाची कुणी भरत नाही. मंगेशीला जाऊन मंगेशाची ओटी भरतो म्हटले तर भटजी आधी चेहऱ्याकडे बघतील. म्हणजे आमच्या घरातल्या बायका पिढ्यान्‌पिढ्या विष्णूची ओटी भरत आल्या आहेत, आणि त्यात कुणाला कधी काही अडले नाही. हे हिप्पींनी शिकवले म्हणायचे असेल तर त्यांना झुआरी ओलांडून चारशे वर्षे मागे पाठवावे लागेल.

(महाराष्ट्रातले वाचक इथे गोंधळतील, कारण त्यांची म्हाळसा म्हणजे खंडोबाची बायको. गोंधळ रास्त आहे, पण धागा तुटत नाही. खंडोबाच्या लोकगीतांतली म्हाळसा नेवाशाची, आणि तिच्यात पार्वतीबरोबर मोहिनीचाही अंश आहे असे मानतात. मोहिनीवर भुललेल्या शंकराला पुढच्या जन्मीचे वचन मिळाले, त्याची ही पूर्तता.)

नेवाशावरून तिसऱ्या दाव्याकडे वळता येते, मोहिनी हे सोंग असल्याच्या. नेवाशाला मोहिनीराजाचे देऊळ आहे. त्या नावाकडे जरा बघा. मोहिनी स्त्रीलिंगी, राज पुल्लिंगी, आणि दोन्ही एका नावात गुण्यागोविंदाने नांदतात. आसपासचा मुलूखही या कथेने भरलेला आहे. राहूचे शिर पडले ती राहुरी, काया पडली ते कायगाव, असे तिथले लोक सांगतात. ज्ञानेश्वरी सांगितली गेली ती याच नेवाशात, आणि अठराव्या अध्यायाच्या शेवटी ज्ञानेश्वर गावाचा पत्ता देतात तो या देवतेच्या नावाने: 'जेथ जगाचें जीवसूत्र । श्रीमहालया असे'. सोंगाला कुणी जगाचे जीवसूत्र म्हणेल?

तरी फॉरवर्डवाल्याच्या बाजूने एक गोष्ट मान्य करते. भागवताच्या आठव्या स्कंधात अमृत वाटून झाल्यावर हरीने असुरांच्या देखत आपले मूळ रूप घेतले, असे स्पष्ट म्हटले आहे. म्हणजे 'काम झाले, परत आला' हा अर्धा भाग ग्रंथात आहे. पण 'सोंग' नाही. तिथे शब्द आहे 'योषिद्रूप'. विष्णूने वर्णन करता येणार नाही असे परम अद्भुत स्त्रीरूप धारण केले, असे भागवत म्हणते. पहिल्या स्कंधात अवतारांची यादी आहे, तीत मोहिनी तेरावी. वामन कार्य संपल्यावर बटू राहिला नाही म्हणून त्याला आपण सोंग म्हणत नाही, नरसिंहालाही म्हणत नाही. मोहिनीसाठी वेगळा नियम कशाला?

सोंग म्हणजे काय ते आपल्याला चांगले ठाऊक आहे. पेडण्याकडच्या जत्रेत काल्याला दशावतारी येतात. पहाटेपर्यंत राणी म्हणून रडवणारा नट सकाळी लुंगी गुंडाळून बिडी ओढत बसलेला असतो. दीनानाथ मंगेशकर याच मंगेशीचे. त्यांनी रंगभूमीवर 'भावबंधन'मधली लतिका साकारली, लोक वेडे झाले, पण म्हणून लतिकेची पालखी कुणी काढली नाही. महाभारतालाही हा फरक कळतो. कीचकाला मारायला अंधारात द्रौपदीच्या जागी भीम बसला, ती युक्ती. अर्जुन बृहन्नडा झाला, तो उर्वशीचा शाप. दोन्ही कथा विराटनगरातल्याच आहेत, पण त्यांची जात वेगळी आहे.

मोहिनीची कथा अमृतापाशी थांबतही नाही. बाराव्या अध्यायात शंकर मुद्दाम ते रूप पाहायला येतो आणि पार्वतीला तिथेच सोडून तिच्यामागे धावत सुटतो. दक्षिणेत याच भेटीतून शास्ता, म्हणजे अय्यप्पा जन्मला असे मानतात, आणि त्याला हरिहरपुत्र म्हणतात. हरी आणि हर, दोघांचा मुलगा. त्यात आई कोण, हा प्रश्न शबरीमलेला जाणाऱ्या भक्ताला पडत नाही. तमिळनाडूत कूवागम नावाचे गाव आहे. तिथे चैत्र पौर्णिमेच्या सुमारास तृतीयपंथी भगिनी अरावनाच्या नावाने ताली, म्हणजे मंगळसूत्र, बांधून घेतात आणि दुसऱ्या दिवशी विधवा म्हणून रडतात. अरावन अर्जुनाचा मुलगा. युद्धापूर्वी बळी जाणाऱ्या या पोराशी लग्न करायला कुणी मुलगी तयार होईना, तेव्हा कृष्णच मोहिनी झाला, अशी तिथली कथा. ग्रंथाचे पान मिटल्यावर हरी मूळ रूपात गेला असेल. म्हार्दोळात, नेवाशात, कूवागमात त्याला कुणी जाऊ दिले नाही.

चौथ्या दाव्याला, पुराणांत लिंग बदलल्याची एकही कथा नाही याला, एकच नाव पुरते: इला. भागवताचा नववा स्कंध याच कथेने सुरू होतो. मनूला मुलगा हवा असतो, पण राणीच्या मनात मुलगी असते, म्हणून इला जन्मते. वसिष्ठ तिला सुद्युम्न नावाचा मुलगा करतात. सुद्युम्न शिकारीला म्हणून अशा वनात शिरतो जिथे पार्वतीसाठी शंकराने नियम घातलेला आहे की आत येईल तो पुरुष स्त्री होईल. तो स्त्री होतो, त्याचा घोडाही घोडी होतो. (घोड्याचा तपशील मला फार आवडतो. कथा सांगणाऱ्याने काही अर्धवट सोडलेले नाही.) स्त्री झालेल्या त्याला चंद्राचा मुलगा बुध भेटतो आणि पुरूरवा जन्मतो. पुढे शंकराच्या वराने तडजोड होते: एक महिना पुरुष, एक महिना स्त्री.

ही कुठली तरी आडवाटेची कथा म्हणून सोडून देता येत नाही. पुरूरव्यापासून चंद्रवंश चालतो. त्यात ययाती, त्यातून पुरू आणि यदू, पुढे कौरव-पांडव एकीकडे आणि यादव दुसरीकडे. म्हणजे कृष्णाचा वंश या इलेपाशी जाऊन पोचतो. आदिपर्वात पुरूरव्याबद्दल एक ओळ आहे: 'सा वै तस्याभवन्माता पिता चेति हि नः श्रुतम्'. तीच त्याची आई झाली आणि बापही, असे आम्ही ऐकले आहे. महाभारतकारांनी हे लपवले नाही, सारवासारव केली नाही, 'ऐकले आहे' म्हणून पुढे गेले. दादा, तुला कुळाची वंशावळ काढायचा नाद आहे म्हणून सांगते, ही वंशावळही एकदा काढून बघ.

आता अर्धनारीश्वर. इथे मला फॉरवर्डशी पूर्ण भांडायचे नाही. अर्धनारीश्वर म्हणजे आजच्या अर्थाने तृतीयपंथी व्यक्तीचे चित्र, असे काही जण म्हणतात, तेही मला ताणलेले वाटते. पण 'सुखी संसाराचे चित्र' म्हणजे तर लग्नाच्या हॉलबाहेरचा बॅनर झाला. घारापुरीला गेला असाल तर आठवा. सहाव्या शतकातली ती लेणी, आणि त्यात सुमारे पाच मीटर उंचीचा अर्धनारीश्वर. एकच देह, कंबरेत वाकलेला. उजवा हात नंदीवर टेकलेला, डावीकडे स्तन, डाव्या हातात आरसा. आता त्याच लेण्यात फिरून बाकीचे पट बघा. एका पटात शिवपार्वतीचे लग्न लागते आहे, पार्वती लाजून उभी आहे. दुसऱ्यात दोघे कैलासावर सारीपाट खेळत आहेत आणि ती रुसली आहे. म्हणजे संसार दाखवायचा तर कसा दाखवायचा हे त्या शिल्पकारांना उत्तम येत होते, आणि त्यांनी तो दोनदा दाखवला. अर्धनारीश्वर त्यांनी वेगळा खोदला, कारण त्यांना वेगळे काही सांगायचे होते.

भृंगी ऋषीची गोष्टही हेच सांगते. त्याला फक्त शंकराला प्रदक्षिणा घालायची होती, पार्वतीला नाही. ती जवळ बसली तर हा मधून घुसायचा. शेवटी दोघांचा एकच देह झाला, तेव्हा भुंगा होऊन आरपार भोक पाडून जायचाही याने प्रयत्न केला. पार्वतीने त्याचे रक्तमांस काढून घेतले, नुसती हाडे उरली, आणि उभे राहायला बिचाऱ्याला तिसरा पाय द्यावा लागला. देवातला पुरुष तेवढा वेगळा काढून पुजतो म्हणणाऱ्याची परंपरेने केलेली ही गत. फॉरवर्ड लिहिणाऱ्याने ती वाचलेली दिसत नाही.

मागे गेले तर बृहदारण्यक उपनिषद आहेच. तिथे सुरुवातीला एकटा आत्मा आहे, आणि तो आलिंगनातल्या स्त्री-पुरुषांएवढा आहे. त्याने स्वतःचे दोन भाग केले आणि पती-पत्नी झाले. म्हणून आपण प्रत्येक जण अर्धे दल आहोत, असे याज्ञवल्क्य म्हणत, असे तिथेच म्हटले आहे. वाल सोलताना डाळिंबीचे दोन भाग होतात, तसे. इथे क्रम महत्त्वाचा आहे. आधी अखंड, मग दोन. फॉरवर्ड म्हणतो आधी दोन, आणि ते एकत्र उभे राहिले की अर्धनारीश्वर. मराठीत यावर सगळ्यात सुंदर लिहिले ते ज्ञानेश्वरांनी, अमृतानुभवाच्या पहिल्याच प्रकरणात. दोन ओठ पण शब्द एक, दोन डोळे पण दृष्टी एक, दोन दिवे पण उजेड एक. शिव कोणता आणि शक्ती कोणती हे निवडायला गेलेला माणूस तिथे हात हलवत परत येतो.

राहिला पहिला दावा, तीस वर्षांचा. श्वेताश्वतर उपनिषदात देवाला उद्देशून म्हटले आहे: 'त्वं स्त्री त्वं पुमानसि त्वं कुमार उत वा कुमारी'. तू स्त्री, तू पुरुष, तू मुलगा आणि मुलगीही. हाच मंत्र अथर्ववेदातही येतो. तेव्हा कुठल्या परदेशी विद्यापीठाचे अनुदान चालू होते ते फॉरवर्डवाल्याने सांगावे. आपल्या घरातले बघायचे तर जनाबाई 'ये गं ये गं विठाबाई, माझे पंढरीचे आई' म्हणते. कमरेवर हात ठेवून उभा असलेला तो काळा देव तिच्या तोंडी बाई होतो आणि तिच्याबरोबर दळायला बसतो. पंढरीच्या वाटेवर लाखो लोक त्याला विठाई म्हणतात. ज्ञानेश्वरांना आपण माउली म्हणतो, आणि संन्याशाच्या तरुण मुलाला आई म्हणताना जीभ अडखळत नाही.

आणि एक गंमत. 'दोनच लिंगे' हे ज्या भाषेत लिहिले आहे, तिच्या व्याकरणात लिंगे तीन. वर आपण गणपतीला 'आराध्य दैवत' म्हणतो, म्हणजे तो 'ते' झाला. 'आराध्य देवता' म्हटले की 'ती'. हा पुरावा म्हणून देत नाही. शब्दाचे लिंग आणि देहाचे लिंग वेगळे, हे मी वर्गात मुलांना दरवर्षी शिकवते. पण शीर्षक लिहिताना निदान तिसरीचे व्याकरण आठवायला हवे होते.

पाचव्या दाव्यासाठी जगभर हिंडावे लागेल. असे देव लयाला चाललेल्या समाजांनीच पुजले, असे तो म्हणतो. कुठून सुरुवात करावी? मेसोपोटेमियापासून करू, कारण त्याहून जुने लेखन फारसे नाही. अक्कादचा राजा सार्गोन, त्याची मुलगी एनहेदुआन्ना, ऊर नगरातली मुख्य पुजारीण. काळ इसवी सनापूर्वी सुमारे २३००. तिच्या नावावरच्या इनान्ना देवीच्या स्तोत्रात म्हटले आहे की पुरुषाची स्त्री करणे आणि स्त्रीचा पुरुष करणे, इनान्ना, हे तुझ्या हातात आहे. तो समाज लयाला चालला नव्हता. तिच्या बापाने नुकतेच साम्राज्य उभे केले होते.

इजिप्तचा हापी घ्या. नाईलच्या पुराचा देव. दाढी, सुटलेले पोट आणि ओघळलेले स्तन. पूर आला तर पीक, पीक आले तर राज्य, म्हणून अन्न देणाऱ्या देवाला आईचे स्तन असणे त्यांना साहजिक वाटले. या देवाला पुजत इजिप्त काही हजार वर्षे टिकले.

रोमचे उदाहरण फॉरवर्डवाल्याच्या मनात असावे, कारण ऱ्हास म्हटले की रोम आठवतोच. तर रोमची हकीकत अशी. इसवी सनापूर्वी २०४. हॅनिबल इटलीत ठाण मांडून बसलेला, रोमचा जीव टांगणीला. तेव्हा भविष्यग्रंथ बघून रोमने आशिया मायनरमधून किबेली ही देवमाता, तिच्या काळ्या दगडासह, सरकारी इतमामाने आणली. ही देवी मुळात अग्दिस्तिस नावाने स्त्री-पुरुष दोन्ही अंगांसह जन्मली आणि देवांनी घाबरून तिचे पुरुषांग कापले, अशी फ्रिजियातली कथा. तिचे गल्ली नावाचे पुजारी स्वतःला खच्ची करून बायकी वस्त्रे नेसत. दुसऱ्याच वर्षी हॅनिबल इटली सोडून गेला, त्याच्या पुढच्या वर्षी झामाला हरला, आणि रोम चढतच गेला. देवी आणली म्हणून जिंकले, असे मी म्हणत नाही. पण तिच्यामुळे बुडाले म्हणणाऱ्याने तारखा जुळवून दाखवाव्यात. हेही सांगायला हवे की रोमन नागरिकाला गल्ली व्हायची परवानगी नव्हती. देवी चालेल, पण आपल्या घरातला मुलगा तिचा पुजारी नको. ही रीत आपल्याला अनोळखी नाही.

पश्चिम आफ्रिकेतल्या फोन नावाच्या जमातीचे मावू-लिसा, चंद्र ती आणि सूर्य तो, मिळून एक निर्माता. उत्तरेकडे आइसलंडच्या तेराव्या शतकातल्या ग्रंथातला लोकी, जो घोडी झाला आणि आठ पायांच्या शिंगराला जन्म दिला. पुढे तोच ओडिनचा घोडा झाला. ही यादी लांबवता येईल, पण मला सगळ्यात जास्त रमवते ती गोष्ट अजिंठ्यापासून सुरू होते.

अजिंठ्याच्या पहिल्या लेण्यात हातात कमळ धरून, नजर खाली झुकवून उभा असलेला पद्मपाणी सगळ्यांनी पाहिला आहे, निदान चित्रात. तो अवलोकितेश्वर, करुणेचा बोधिसत्त्व, राजपुत्राच्या वेषातला पुरुष. हा चीनला गेला. कुमारजीवाने इसवी सन ४०६ मध्ये सद्धर्मपुंडरीक सूत्राचे चिनी भाषांतर केले. त्यात हा बोधिसत्त्व ज्याला ज्या रूपाची गरज त्या रूपात येतो, आणि त्या तेहतीस रूपांत स्त्रीरूपेही आहेत. सुरुवातीला तुनह्वांगच्या गुहांत त्याला चक्क बारीक मिशी आहे. दहाव्या शतकाच्या पुढे हळूहळू मिशी गेली, वस्त्रे पांढरी झाली, आणि तो क्वानयिन झाला. ती झाली, म्हणायला हवे. मूल मागायला बायका तिच्याकडे जाऊ लागल्या. जपानमध्ये तिचे नाव कान्नोन.

आता गोव्याला परत या. १५४९ मध्ये फ्रान्सिस झेवियर इथूनच निघून जपानमधल्या कागोशिमाला उतरला. त्याचे शव आज जुन्या गोव्याच्या बॉम जेझुस बासिलिकात आहे. त्याने तिकडे जो धर्म नेला त्यावर १६१४ मध्ये बंदी आली. तेव्हा लपून राहिलेले जपानी ख्रिस्ती काय करत? कडेवर मूल असलेली कान्नोनची मूर्ती घरात ठेवत आणि तिलाच मारिया मानून प्रार्थना करत. अजिंठ्यातला तो राजपुत्र चीनमध्ये आई झाला आणि जपानमध्ये येशूची आई. इकडे साष्टीतून म्हालसा नदीपलीकडे गेली आणि तिकडे मारिया कान्नोनच्या आड लपली. गोव्याच्या माणसाला या दोन्ही गोष्टी शेजारी ठेवून बघता येतात. तेवढे आपले भाग्य समजावे.

एवढे लिहून मी ग्रुपवर टाकले. दादाच्या आधी भाचीचे उत्तर आले, तीन टाळ्यांसह: 'बघा, आपल्याकडे तृतीयपंथीयांना पहिल्यापासून मान होता!' ती पुण्याला शिकते आणि तिचा उत्साह मला आवडतो. पण हेही खरे नाही, आणि आपल्या बाजूचे आहे म्हणून सोडून देता येत नाही. बृहन्नडा होणे हा अर्जुनाला वर नव्हता, शाप होता. द्यूतसभेत दुःशासन पांडवांना 'षंढतीळ' म्हणतो, आत दाणा नसलेले पोकळ तीळ, आणि ती शिवी लागते म्हणूनच दिली जाते. देवाला जे चालते ते माणसाला चालवून घेतले जातेच असे नाही. १८७१च्या गुन्हेगार जमाती कायद्यात इंग्रजांनी हिजड्यांची नोंद करून त्यांच्यावर पाळत ठेवली, हे खरे. पण त्याआधी सगळे आलबेल होते, असे म्हणायला आपल्याच शिव्या आड येतात. सर्वोच्च न्यायालयाने १५ एप्रिल २०१४ रोजी तृतीयपंथीयांना स्वतंत्र ओळख दिली. त्या निकालात रामायण-महाभारताचे दाखले आहेत, पण हक्क दिला तो राज्यघटनेच्या आधारे. म्हालसेवरून एवढेच सिद्ध होते की फॉरवर्ड खोटा आहे. आपण चांगले आहोत की नाही हे तिच्यावरून ठरत नाही. पर्वरीच्या सिग्नलवर गाडीची काच आपण वर करतो की खाली, तेवढे पाहिले तरी पुरे.

भाचीने टाळ्या मागे घेतल्या नाहीत, पण विचार करणारी एक इमोजी टाकली.

आमच्याकडे म्हणतात, म्हालसेच्या घंटेखाली उभे राहून खोटे बोलू नये. तिथली साक्ष पोर्तुगीजही मानत, असे जुने लोक सांगतात. सहा हिरव्या खुणा करणाऱ्या त्या अज्ञात लेखकाला एकदा तिथे उभा करावा, असे मी गमतीने लिहिले. त्यावर दादाचा अंगठा आला. तो मान्यतेचा होता की विषय संपवायचा, हे त्याचे त्याला ठाऊक.

रात्री मावशीने व्हॉइस मेसेज पाठवला. तिला वाचायला त्रास होतो, म्हणून सुनेने सगळे तिला वाचून दाखवले होते. ती म्हणाली, "म्हालसा विष्णू हें आमकां लहानपणापासून म्हायत आसा गो. तूं एवढें लिहिलेंस कित्याक? जायांच्या पूजेला येतेस तर आधी सांग, ओटीचे सामान मी घेऊन ठेवते. आणि दादाला विचार, माटोळीची सुपारी कोण आणतो ते."